दोनास एक

लाकूड आतून पुरतं वाळलं आहे की नाही, हे कसं ओळखायचं ते मला अजून कळलेलं नाही. पस्तीस वर्षं मी शहापूरच्या शाळेत विज्ञान शिकवलं. स्थायू, द्रव, वायू यांच्या व्याख्या झोपेतून उठवून विचारल्या तरी बिनचूक सांगेन. पण सागाच्या फळीपुढे माझी विद्या थिटी पडते. हात फिरवावा तर फळी कोरडी लागते. टकटक करावी तर टणटणीत वाजते. आणि तरी तिच्या पोटात कुठंतरी श्रावण शिल्लक असतो. तो बाहेरून दिसत नाही, आणि विचारला तर ती सांगत नाही.

कार्तिक सरायला आला की मुरबाड तालुक्याच्या आमच्या या टोकाला माळशेजच्या बाजूने एक कोरडा वारा सुटतो. ओठ फुटतात. पावसाळाभर चौकटीत फुगून बसलेली दारं एकदम सैल होतात आणि उगाच खडखडत राहतात. भात कापून झालेलं असतं, खाचरांत नुसते बुडखे उरलेले असतात, आणि पेंढ्याचा तो गोडसर, जरा खवखवणारा वास घरात, कपड्यांत, चहातसुद्धा उतरतो. यंदा तो वारा सुटला तेव्हा मी माडीच्या खिडकीत उभा होतो. वास आला, आणि दोन वर्षांपूर्वीचा कार्तिक असा काही अंगावर आला की हातातला चहा तसाच निवून गेला. विचार करून करून गोष्टी स्वच्छ दिसायला लागतात असं म्हणतात. माझ्या बाबतीत ते खरं झालेलं नाही. मी जितका विचार करतो तितकं सगळं ढवळून निघतं.

आमचं घर टोकावड्याच्या फाट्यापासून दहा मिनिटांच्या चालीवर. खाली दोन खोल्या नि पडवी, वर माडी. ही माडी माझ्या थोरल्या भावाने, दादाने, स्वतःच्या हाताने केली. तो शेती करायचा आणि शेतीतून सवड मिळाली की सुतारकाम. माडीची एकेक फळी त्याने रंधा मारून, खाचा पाडून, शेजारच्या फळीत बसवली होती. खिळ्यांवर त्याचा विश्वास नव्हता. दादा गेला त्याला त्या कार्तिकात दीड वर्ष झालं होतं आणि घरात वहिनी एकटी होती. तिची मुलगी रोहिणी वाशिंदच्या एका नव्या बिल्डिंगमध्ये राहते, पास काढून रोज कल्याणला कामाला जाते. ती आईला म्हणत होती, "चल आता माझ्याकडं." आणि मी म्हणत होतो, "वैनी, तुम्ही कुठंही जायचं नाही."

वहिनी इथे राहते की घराला कुलूप लागतं, एवढाच प्रश्न होता. मी लग्नाच्या फंदात पडलो नव्हतो. शहापुरात भाड्याच्या खोलीत राहायचो आणि दर शनिवारी एसटीने येऊन, वहिनीच्या हातचं जेवून, अंगणात बाजेवर पडून, रविवारी संध्याकाळी परत जायचो. सरळच सांगतो, मला वहिनीची काळजी होती, पण त्याहून जास्त काळजी माझ्या शनिवारची होती. हे तेव्हा कुणी मला सांगितलं असतं तर मी त्याच्याशी कडाकडा भांडलो असतो.

त्या वर्षी दिवाळीनंतर वहिनीने एकच पालुपद धरलं होतं. "माडीची फळी रुतते, भावजी." ती झोपायची माडीवर. एका शनिवारी म्हणाली, दुसऱ्या शनिवारी म्हणाली, तिसऱ्या शनिवारी ताट वाढता वाढता म्हणाली. मी वर जाऊन पाहिलं. खरंच, खिडकीकडच्या फळ्यांना कुसळं निघाली होती, दोन फळ्यांमधल्या फटी रुंदावल्या होत्या. मला इतकं बरं वाटलं! दुखणं सापडलं होतं. दुखणं सापडलं की इलाज माझा, हा माझा जन्माचा मास्तरी स्वभाव. माडी गुळगुळीत केली की वहिनीचं जाण्याचं कारणच संपणार होतं.

इलाजही हाताशी होता. मुरबाड रस्त्यावरच्या एका फार्महाऊसची लाकडी जमीन मी पाहिली होती. फळ्या जणू वीतभर स्वच्छ पाण्याखाली ठेवल्या आहेत, अशी. चौकशी केल्यावर कळलं, तो इपॉक्सीचा लेप. दोन डबे असतात, एक मोठा, एक लहान. मोठ्यात राळ, लहानात हार्डनर, म्हणजे राळेला घट्ट करणारं औषध. वेगवेगळे ठेवले तर वर्षानुवर्षं पातळच राहतात. एकत्र केले की जेमतेम अर्धा तास हातात मिळतो, नंतर ते कुणाचं ऐकत नाहीत. प्रमाण दोनास एक. मुरबाडच्या दुकानदाराने मला दोनदा बजावलं, "सर, प्रमाण चुकवू नका. आणि लाकडात ओल नको." मी त्याला म्हटलं, "अहो, प्रमाण मला शिकवता?"

डबे मी आदल्या रविवारी परत जातानाच घेतले होते आणि शहापूरच्या खोलीत आठ दिवस कॉटखाली ठेवले होते. का, ते विचारू नका. बहुधा सूचना नीट वाचायच्या होत्या. मग तेच डबे पिशवीत घालून किन्हवली, सरळगाव असा उलटा प्रवास. कंडक्टर म्हणाला, "काय हाय त्यात? रॉकेल नाय ना?" मी म्हटलं, "माडीला लावायचं औषध आहे." तो म्हणाला, "वाळवी लागली का?" "नाही, कुसळं." त्याने माझ्याकडे एकदा पाहिलं आणि तिकीट फाडलं. पुढच्या बाकावरच्या बाईने मात्र मागे वळून सल्ला दिला, "त्याला घोंगडी टाकायची खाली."

फळ्या घासायला आम्हाला शनिवार पुरा गेला. वहिनी एका बाजूने पॉलिश पेपर मारत होती, मी दुसऱ्या बाजूने. फटी साफ करताना त्यांतून दाणे निघाले. तांदळाचे, नाचणीचे, एक वालाचा. माडीवर कणगी होती त्या दिवसांतले. वहिनी एकेक दाणा सुईने काढून पदरात ठेवत होती आणि ओळखत होती. "ही झिनी. ही आता कुनी लावीत नाय. हा कोलम, तुमच्या दादांनी हट्टानं आनलेला." मला सगळे दाणे सारखेच काळपट दिसत होते. मी फटींत भुसा नि सरस भरत सुटलो होतो. दाणे काढून होण्याआधी दोन फटी मी बुजवल्याही. ती सुई घेऊन माझ्या पुढे सरकली आणि मग माझ्या एक फट पुढेच राहिली.

रविवारी सकाळी लेप. मी जिन्यापाशी बसून सुरुवात करायच्या बेतात होतो. वहिनी कमरेवर हात ठेवून उभी. "हितनं सुरू करताय? आन् बाहेर कसं जाल? खिडकीतनं उडी मारनार?" जन्मभर खळं नि घर सारवलेल्या बाईने मला उठवलं आणि खिडकीकडच्या भिंतीपाशी नेऊन बसवलं. सारवताना आतल्या भिंतीपासून दाराकडे मागे मागे सरकत यायचं, हे तिच्या गुडघ्यांना पाठ होतं. रबरी मोजे दिले तर म्हणाली, "डाक्टरीनबाई झाले मी." ब्रश दिला तर तो हातात फिरवून पाहिला. "हातानंच मारू का? हात सगळीकडं पोचतो." मी म्हटलं, "कातडी जाईल." ती म्हणाली, "शेनानं नाय गेली ती."

मोजायचं माप मी शहापूरला विसरलो होतो. वहिनीने कोंबड्यांचे दाणे मापायचं पत्र्याचं जुनं चिपटं घासून आणलं. पावशेरी माप, काठ जरा चेपलेला. मी म्हटलं, "मोठ्या डब्यातली दोन, लहानातलं एक. बादलीत ओता. मी खालून दुसरा ब्रश घेऊन आलोच." ब्रश सापडेना. तो पडवीत, मीच ठेवलेल्या जागी, पंधरा मिनिटांनी सापडला. जिना चढत होतो तेवढ्यात अंगणातून शेजारच्या कमळीने हाक मारली, "सुमनवैनी, सूप हाय का गो मोकळं?" आणि वहिनी वरून खाली निघाली. जिन्यात आमची गाठ पडली.

"मोठ्यातली दोन घातली?"

"झाली दोन."

"आणि लहानातलं?"

"त्याचा लाभ झालाय," असं म्हणून ती सूप द्यायला गेली.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आमच्याकडे खळ्यावर रास मापताना पहिल्या मापाला 'एक' म्हणत नाहीत. 'लाभ' म्हणतात. मापणारा पहिलं माप भरतो, "लाभ" म्हणतो, नि मग पुढची मोजणी चालते. हे मला लहानपणापासून ठाऊक. पण माझ्या डोक्यात ते असं बसलेलं होतं, की लाभ हा देवाचा. तो मोजणीत येत नाही. लाभ झाला की मग एक, दोन, तीन. तेव्हा वहिनीचं ते वाक्य ऐकून मला वाटलं, तिने देवाचं नाव घेऊन थेंबभर हार्डनर बादलीत टाकला आहे, शकुनाचा. मला हसू आलं. म्हटलं, थेंबाने काय होतंय. मी चिपटं भरलं, डोळा त्याच्या काठाच्या पातळीला आणला, प्रयोगशाळेत मुलांना शिकवायचो तसा, आणि मोठ्याने "एक" म्हणून ओतलं.

दोन्ही औषधं पाण्यासारखी. बादलीत किती काय गेलं आहे, ते बघून कळायला मार्गच नव्हता.

खिडकीकडची अर्धी माडी आम्ही त्या बादलीने माखली. वहिनी ब्रशनेसुद्धा सारवल्यासारखे अर्धगोल काढत होती. मी सरळ रेघा मारत होतो, तिचे अर्धगोल माझ्या रेघांवरून जात होते. ती गुणगुणत होती. मध्येच वाऱ्याने खिडकीतून फोलपटं आली. खाली कमळी आमच्याच सुपाने भात वारवत होती, आणि सोनेरी कोंडा भुरभुरत येऊन ओल्या लेपावर बसत होता. मी चिमट्याने एकेक उचलत होतो. वहिनी म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. शोभतंय." मग जिन्याकडच्या अर्ध्या भागासाठी दुसरी बादली मी स्वतः मापली. दोन आणि एक.

सोमवारी सकाळी मी शहापूरला परत गेलो. पेन्शनच्या कसल्याशा दाखल्याचं काम होतं. जाताना म्हणालो, "वैनी, आठवडाभर खालीच झोपा. शनिवारपर्यंत दगड होईल." पुढच्या रविवारी रोहिणी येणार होती. मनातल्या मनात मी तिला जिना चढताना पाहत होतो. ती चकाकी पाहून गप्प होणार, नि वहिनी म्हणणार, आता कशाला येऊ गो मी वाशिंदला.

शनिवारी येऊन पाहतो तर जिन्याकडची अर्धी माडी काचेसारखी झालेली. मी तिच्यावरून चाललो, टाच आपटली, एकदा तर आनंदाने बसकण मारली. आणि पुढचं पाऊल खिडकीकडच्या भागात टाकलं तर पाय चिकटला. उचलला तर चट्ट आवाज. लेप वरून तेलकट, आत मऊ, अर्धवट आळलेल्या पाकासारखा. तेच डबे, तेच हात, तोच दिवस. अर्धं वाळलं, अर्धं का नाही? मी खिडकीला दोष दिला, उन्हाला दिला, वाऱ्याला दिला. फोलपटांना दिला. फळीच्या पोटातल्या ओलीला तर सर्वांत जास्त दिला. वहिनी जिन्याच्या शेवटच्या पायरीवर बसून शेंगा सोलत ऐकत होती.

शेवटी दुकानदाराला फोन लावला. तो म्हणाला, "हार्डनर जास्ती पडलाय, सर. जास्ती घातला म्हणजे लवकर घट्ट होतो असं नसतं. आता ते कधीच सुकणार नाही. खरवडावं लागेल."

"जास्ती कसा पडेल?" मी फोन ठेवून म्हणालो. "मी स्वतः एक माप घातलं."

वहिनीचे हात थांबले. "तुमी घातलं? लाभ मी घातला व्हता की."

"लाभ म्हणजे थेंबभर ना?"

"थेंबभर कशाला? लाभ म्हंजे भरून चिपटं. लाभ, मंग दोन, मंग तीन. लाभ म्हंजेच एक, भावजी!"

आम्ही एकमेकांकडे पाहिलं आणि वहिनी हसायला लागली. शेंगांचं सूप मांडीवरून घसरलं तरी हसत होती. "पस्तीस वर्सं पोरांना आकडे शिकवले तुमी!" मलाही हसू आवरेना. दादा गेल्यापासून त्या घरात आम्ही दोघं एवढं हसलो नव्हतो. डोळे पुसत मी म्हणालो, "काही बिघडलं नाही. मी खरवडून देतो. पुन्हा करू. पुढच्या महिन्यात तुमची माडी तयार. तुम्ही इथंच राहा."

तिचं हसू हळूहळू गेलं. रागाने नाही. शेंग मोडून तिने दाणे वाटीत टाकले आणि म्हणाली, "ऱ्हा, ऱ्हा म्हनता मला. तुमी ऱ्हाल का हितं?"

मी म्हणालो, माझं शहापूरला... आणि पुढे काय आहे ते मला आठवेना. वाचनालय म्हणालो. डोळ्यांचे डॉक्टर म्हणालो. दाखला म्हणालो. ती मान हलवत होती, अगदी मनापासून, जणू मी फार योग्य कारणं सांगत होतो. "खरं हाय," म्हणाली, "तुमचं तिथं बस्तान हाय." आणि शेंगा सोलून झाल्यावर उठली. या प्रश्नाला उत्तर द्यायचं होतं की नुसतं ऐकून घ्यायचं होतं, हे मला आजही ठरवता येत नाही.

रविवारी रोहिणी आली. माडी तिने पाहिलीसुद्धा नाही. "काका, टाइम नाय, चारच्या एसटीनं निघायला पायजे," म्हणत तिने आईचं गाठोडं बांधायला घेतलं. गाठोडं अर्धं आधीच बांधलेलं होतं. वहिनीने कोंबड्या कमळीला दिल्या, तुळशीला पाणी घातलं, आणि किल्ली माझ्या हातात ठेवली. मी तिला अडवलं नाही. अडवायला हवं होतं का? काय म्हणून? फळी गुळगुळीत करतो म्हणून? एसटी गेल्यावर मी फाट्यावर कितीतरी वेळ उभा होतो आणि मला एवढंच सुचत होतं, की लाभ मोजायचा असतो की नाही, हे कुणाला तरी विचारलं पाहिजे.

विचारलंही. मला त्याचं खूळच लागलं. टोकावड्याच्या ढाब्यावर बसलेले एक म्हातारबाबा म्हणाले, "लाभ देवाचा. मंग एक." मी जिंकल्यासारखा चहा मागवला. तेवढ्यात त्यांच्याच शेजारचे, त्यांच्याच गावचे दुसरे बाबा म्हणाले, "कोन सांगतं? लाभ म्हंजे एक. मंग डायरेक दोन." दोघांचं जुंपलं. पहिल्यांनी दुसऱ्यांच्या बापाचं खळं काढलं. वहिनीचं माहेर किन्हवलीचं, शहापूर तालुक्यातलं. मला वाटलं, तालुक्यागणिक मोजणी बदलत असेल. किन्हवलीला उतरून विचारलं, तर तिथेही दोन पक्ष. मग आमच्या खळ्यावर इतकी वर्षं काय होत होतं? दादा मापायचा, वहिनी मोजायची. त्याचं एक आणि तिचं दोन मिळून रास कशी जमत होती? ती दोघं कधीच अडखळली नाहीत. मी खळ्याच्या कडेला पुस्तक घेऊन बसलेला असायचो, ऐकल्यासारखा, आणि मला वाटायचं, मला सगळं ठाऊक आहे.

त्यानंतर खरवडणं. दादाच्या सुतारकामाच्या पेटीतली पटाशी घेतली आणि आठ दिवस काढून इथे आलो. लेप धड निघेना. उन्हाच्या वेळी मऊ होऊन ताणला जायचा, सकाळच्या गारव्यात जरा तुकडे पडायचे. म्हणून सकाळी खरवडायचो. तिसऱ्या दिवशी खिडकीशी पोचलो तेव्हा उन्हाची तिरीप फळ्यांवर आली होती आणि त्या तिरपीत मला पावलं दिसली. वहिनीची. त्या आठवड्यात मी तिला खालीच झोपा म्हटलं होतं, झोपलीही असेल. पण ती वर येऊन जात होती. एकात एक मिसळलेली अनवाणी पावलं जिन्याच्या बाजूने खिडकीकडे गेलेली, आणि खिडकीपाशी शेजारी शेजारी दोन, बाकीच्यांहून खोल. तिथे ती उभी राहत असणार. बराच वेळ उभी राहत असणार, नाहीतर ठसा एवढा रुतला नसता.

मी त्या पावलांच्या बाजूला उभं राहून बाहेर पाहिलं. समोर कमळीचं खळं, त्यापलीकडे शेत, आणि शेतापलीकडे टोकावड्याचा फाटा. एसटी थांबते ती जागा अगदी स्पष्ट दिसते. मी शनिवारीच येतो, हे तिला ठाऊक होतं. मग सोमवार ते शुक्रवार ती काय बघत होती? मला फार लाज वाटली. कशाची, ते नीटसं उमगलं नाही, पण मी पटाशी खाली ठेवली. त्या दोन पावलांपुरतं ठेवून द्यावं असंही मनात आलं. मग वाटलं, हा कसला नाटकीपणा. दुसऱ्या दिवशी सकाळी मी तीही खरवडली. खरवडल्यावर वाटलं, चुकलं.

आठ दिवसांचे पंधरा झाले. मग फळ्या पुन्हा घासणं. मग दारं. मग तुळस वाळायला लागली म्हणून. शहापूरची खोली मी कधी सोडली, तो दिवस मला सांगता येणार नाही. एक दिवस तिथलं सामान इथे होतं, एवढं खरं. इथे राहायला लागलो तेव्हा कळलं, या दिवसांत अंधार पडला की लाकूड आवाज करतं. वाळताना आखडतं आणि कडकन वाजतं, कुणीतरी माडीवर पाय टाकल्यासारखं. मला त्याचं शास्त्रीय कारण पाठ आहे. पाठ असून काही उपयोग होत नाही.

मी वाशिंदला गेलो होतो, मधल्या उन्हाळ्यात. वाटलं होतं, वहिनी गॅलरीत उदास बसलेली असेल. ती घरी नव्हतीच. बिल्डिंगच्या खाली बायकांच्या घोळक्यात बसून पापड लाटत होती, केसांत गजरा. वर आल्यावर मी विचारलं, "करमतं का, वैनी?" ती म्हणाली, "करमतं की. का नाय करमनार? दिवसभर मानसं दिसतात." मी म्हटलं, माडी पूर्ण खरवडली, आता एकही कुसळ नाही, पाय टाकून बघा. तिने चहाचा कप खाली ठेवला. माझ्याकडे पाहून ती इतकं मायेने हसली की मला कळलंच, मी काहीतरी मूर्खासारखं बोललो.

"भावजी," ती म्हणाली, "एकटीला भ्या वाटायचं मला त्या माडीवर. दिराला कसं सांगायचं ते? म्हनून फळी रुतते म्हनायचे. फळी काय कुनाला रुतते? जलमभर अनवानी चाललेली मी."

मी बहुधा पापडांचं विचारलं. परतताना आसनगावला उतरून मी बाकावर बसून राहिलो. तीन शनिवार तिने सांगितलं होतं. तीनही शनिवारी मी ऐकलं होतं, आणि चौथ्या शनिवारी पॉलिश पेपर घेऊन आलो होतो. तिने तेव्हा सरळ सांगितलं असतं, तर मी राहायला आलो असतो का? आलो असतो, असं मला म्हणावंसं वाटतं. पण मी आधी कारणं शोधली असती, हेही मला माहीत आहे. आणि आता मी राहतो आहे, तेव्हा ती तिकडे खूश आहे. हे बरं झालं की वाईट, याचा मला काही केल्या उलगडा होत नाही.

परवा, चहा निवून गेला त्याच दिवशी, दुपारच्या एसटीने वहिनी आली. न कळवता. नव्या तांदळाचा भात या घरात खायचा म्हणून, असं म्हणाली. हातात माझ्यासाठी बिस्किटांचा पुडा होता, तो तिने आधी माझ्या हातात दिला. अंगणात उभी राहून तिने घराकडे पाहिलं, तुळशीकडे पाहिलं. मी पाणी आणायला वळलो तेवढ्यात ती म्हणाली, "आजची रात ऱ्हाईन म्हन्ते. चालंल ना तुमाला?"

चाळीस वर्षं जिने या घराचा उंबरा धुतला, ती मला विचारत होती. मला ओरडावंसं वाटलं, की वैनी, हे कसलं विचारणं, घर तुमचं आहे, मी नुसता राखतोय. माझ्या तोंडून निघालं, "चालेल की." आणि ते शब्द निघाल्याबरोबर घर माझं झालं. मला ते कधीच नको होतं. मला वहिनीचं घर हवं होतं, ज्यात मी शनिवारी यायचो.

माझ्या चपला दाराच्या मधोमध, एक सुलटी, एक उलटी, अशा पडल्या होत्या. वहिनीने पायरीखाली थांबून आपल्या चपला काढल्या, पायाने नीट जोडीला लावल्या, आणि येणाऱ्याजाणाऱ्याला अडचण नको म्हणून भिंतीला सरकवून ठेवल्या.